सोडता येईल

मराठवाड्यातल्या एका तहसील कार्यालयाच्या मागच्या आवारात मी उभा होतो. पुढच्या बाजूला नेहमीची वर्दळ होती. सेतूच्या खिडकीवर रांग, स्टॅम्प व्हेंडरची टेबलं, झेरॉक्सवाल्याची घाई. मागे मात्र कोणी फिरकत नव्हतं. तिथे सात-आठ ट्रॅक्टर, तेवढ्याच ट्रॉल्या, दोन हायवा आणि एक टेम्पो उभे होते. एका हायवाच्या हौद्यात वाळू तशीच होती. पावसाळ्यात तिच्यावर गवत रुजलं होतं आणि आता ते वाळून पिवळं पडलं होतं. ट्रॅक्टरांची पुढची चाकं जमिनीत रुतली होती. एकाच्या सीटचा फोम कुत्र्यांनी उकरला होता.

त्या सीटवर हात ठेवून एक शेतकरी उभा होता. वय पन्नाशीच्या आतबाहेर. ट्रॅक्टर त्याचाच. आठवड्यातून एकदा येऊन बघून जातो, म्हणाला.

“पाच महिने झाले दादा. नाही म्हणून बी सांगत नाहीत, हो म्हणून बी सांगत नाहीत. साहेब मीटिंगला गेलेत, एवढंच कळतं.”

मी विचारलं, वाळू होती का?

“होती. एका ब्रासला थोडी कमी. शेजाऱ्याच्या घरकुलाला पाहिजे होती. पावती नव्हती. ते मी नाकारत नाही. दंड सांगा, भरतो म्हणलं. पण किती आणि कुठं, ते तर लिहून द्या.”

या लेखात मला जे सांगायचं आहे ते त्याच्या शेवटच्या वाक्यात आहे. हा माणूस निर्दोष असल्याचा दावा करत नव्हता. त्याला माफी नको होती, निर्णय हवा होता. आणि निर्णय न देणं हीच त्याला मिळालेली सर्वांत मोठी शिक्षा होती. ती कुठल्याही कलमात लिहिलेली नाही. तिच्यावर कोणाची सही नाही, त्यामुळे तिच्याविरुद्ध अपील करायचं तर कागद कोणता जोडायचा, हाही प्रश्नच.

महाराष्ट्रात विनापरवाना वाळू, मुरूम, खडी वाहून नेणारं वाहन पकडलं की मुख्यतः जो कायदा लागतो तो महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966. त्यातलं कलम 48. या कलमाची पोटकलमं 7 आणि 8 गेल्या दहा वर्षांत बदलत, कडक होत गेली. पोटकलम 7 म्हणतं की, अधिकाराशिवाय गौण खनिज काढणाऱ्याला त्या खनिजाच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड करता येतो. पूर्वी ही मर्यादा तिप्पट होती. पोटकलम 8 वाहनाबद्दल आहे. जिल्हाधिकारी किंवा त्यांनी अधिकार दिलेला, तहसीलदारापेक्षा कमी दर्जाचा नसलेला महसूल अधिकारी वाहन आणि यंत्रसामग्री ताब्यात घेऊ शकतो, सरकारजमाही करू शकतो.

पण त्याच पोटकलमाचा पुढचा भाग फार थोड्या लोकांना ठाऊक असतो. ताब्यात घेतलेलं वाहन 48 तासांच्या आत जिल्हाधिकाऱ्यांपुढे किंवा त्यांनी अधिकृत केलेल्या, उपजिल्हाधिकारी दर्जाच्या खाली नसलेल्या अधिकाऱ्यापुढे हजर करायचं असतं. व्यवहारात हा अधिकारी म्हणजे बहुतेक वेळा प्रांत. मालकाने ठरलेला दंड भरला आणि हे वाहन पुन्हा बेकायदा वाहतुकीसाठी वापरणार नाही असं वैयक्तिक बंधपत्र दिलं, तर त्या अधिकाऱ्याला ते सोडता येईल. बंधपत्राची रक्कम वाहनाच्या बाजारमूल्यापेक्षा जास्त असू शकत नाही. हा दंड किती, हे जानेवारी 2018 च्या अधिसूचनेने ठरवून टाकलं आहे. ट्रॅक्टर-ट्रॉलीला 1 लाख रुपये, डंपरला 2 लाख, खोदकामाच्या यंत्राला साडेसात लाख.

म्हणजे कायद्याने मुदत दिली, अधिकारी ठरवला, रक्कमही ठरवली. अधिकाऱ्याच्या मर्जीवर सोडलेला भाग उरला तो शेवटच्या दोन शब्दांचा: सोडता येईल. ‘सोडावे लागेल’ असं कायदा म्हणत नाही. या दोन शब्दांत किती जागा आहे, त्या जागेत अधिकाऱ्याने कसं वागायचं आणि तो तसा वागला नाही तर न्यायालयाने काय करायचं, यावर आपल्या न्यायालयांनी पाऊणशे वर्षं विचार केला आहे. त्या विचाराची सुरुवात अंधेरीतल्या एका सिनेमागृहापासून झाली.

1947 साली गोरधनदास भानजी यांना अंधेरीत सिनेमागृह बांधायची परवानगी मुंबईच्या पोलीस आयुक्तांनी दिली. थोड्याच दिवसांत ती रद्द झाल्याचं पत्र आलं. पत्र आयुक्तांच्या कार्यालयाचं होतं, पण त्यात मजकूर असा होता की शासनाच्या निर्देशावरून परवानगी रद्द झाल्याचं कळवण्यात येत आहे. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. नोव्हेंबर 1951 मध्ये न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांनी निकाल लिहिला. हे बोस काही महिन्यांपूर्वीपर्यंत नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश होते. त्यांनी तीन गोष्टी स्वच्छ सांगितल्या. नियमाने अधिकार आयुक्तांना दिला आहे, तर निर्णय आयुक्तांनीच घ्यायचा. वरून आलेला निरोप पुढे पाठवणं म्हणजे निर्णय घेणं नव्हे. आदेशाचा अर्थ आदेशात काय लिहिलं आहे त्यावरून लावायचा; माझ्या मनात असं होतं, असं अधिकाऱ्याने नंतर सांगून चालत नाही. आणि तिसरी गोष्ट आपल्या विषयाला सर्वांत जवळची. लोकहितासाठी दिलेला अधिकार वापरायचा की नाही, एवढंच अधिकाऱ्याच्या हाती नसतं. परिस्थितीने मागणी केली की तो वापरणं हे त्याचं कर्तव्य होतं.

योगायोग असा की त्याच 1947 च्या नोव्हेंबरात इंग्लंडमधल्या वेन्सबरी गावच्या सिनेमागृहाचाही निकाल लागला. रविवारच्या खेळांना पंधरा वर्षांखालच्या मुलांना बंदी, ही नगरपालिकेची अट न्यायालयाने टिकवली, पण कोणताही समजूतदार माणूस घेणार नाही इतका अविचारी निर्णय मात्र आपण रद्द करू, असं तत्त्व घालून दिलं. आपल्याकडचे वकील आजही त्या गावाचं नाव रोज घेतात. मला मात्र वाटतं, तहसीलच्या आवारातल्या ट्रॅक्टरला वेन्सबरीपेक्षा अंधेरी अधिक उपयोगी आहे. कारण आपल्याकडचा रोग अविचारी निर्णयाचा कमी आणि निर्णयच न घेण्याचा जास्त आहे.

1977 मध्ये मोहिंदरसिंग गिल यांच्या प्रकरणात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी गोरधनदासचा धागा पुढे नेला. आदेश ज्या कारणांवर दिला त्याच कारणांवर तो टिकला पाहिजे. खटला दाखल झाल्यावर प्रतिज्ञापत्रात नवी कारणं घालून त्याला टेकू देता येणार नाही. वाहनाच्या प्रकरणांत हे फार कामाला येतं. ‘अर्ज नामंजूर’ एवढंच लिहिलेला कागद उच्च न्यायालयात पोचतो, मग सरकारी बाजू सांगते की हे वाहन आधी दोनदा पकडलं होतं. असेलही. पण ते आदेशात का नाही? मालकाला ते सांगून त्यावर त्याचं म्हणणं का घेतलं नाही?

दुसऱ्या बाजूबद्दल मी काहीच लिहिलं नाही तर हा लेख खोटा ठरेल. त्याच तालुक्यात एका तलाठी बाईंशी बोललो. या पदाला आता ग्राम महसूल अधिकारी म्हणतात, पण गाव अजून तलाठीच म्हणतं. त्या म्हणाल्या, “रात्री दोन वाजता नदीत उतरायचं. सोबत एक कोतवाल. समोर चार हायवा, आणि प्रत्येकाच्या पुढे एक मोटारसायकल. आम्ही निघालो की आमच्याआधी फोन पोचलेला असतो. आणि धरलेली गाडी पंधरा दिवसांत सुटून पुन्हा त्याच घाटावर दिसली, की सांगा, मी कशासाठी उतरले?”

या प्रश्नाला उत्तर द्यावं लागेल. गोदावरीचा पट्टा घ्या, भीमा घ्या, गिरणा घ्या. वाळू ही नदीने पाणी धरून ठेवायची जागा आहे. ती उपसली की पात्र खडकाला लागतं आणि काठच्या विहिरी उन्हाळ्याच्या आधीच तळ दाखवतात. पुलांच्या पायांशी खड्डे पडतात. अडवायला गेलेल्या महसूल कर्मचाऱ्यांच्या अंगावर वाहनं घातल्याच्या बातम्या आपण वर्षानुवर्षं वाचतो आहोत. म्हणूनच झोपडपट्टीदादा आणि हातभट्टीवाले यांच्यासाठी केलेल्या 1981 च्या स्थानबद्धता कायद्यात वाळू तस्करांचं नाव घालावं लागलं. सर्वोच्च न्यायालयाने 2014 मध्ये दिल्लीच्या एका प्रकरणात सांगितलं की नदीतून परवानगीशिवाय वाळू नेणं ही खाणकायद्याखालची आगळीक तर आहेच, शिवाय ती चोरीही ठरू शकते आणि दोन्ही खटले स्वतंत्र चालू शकतात. स्वस्त वाळू देऊन चोरी थांबवायचाही प्रयत्न झाला. 2023 मध्ये 600 रुपये ब्रासने सरकारी डेपोतून वाळू द्यायचं धोरण आलं आणि श्रीरामपूर तालुक्यातल्या नायगावला पहिला डेपो सुरू झाला. घाटांवरची रात्रीची वर्दळ त्यानेही थांबली नाही.

तेव्हा तलाठी बाईंचा संताप मला मान्य आहे. पण त्यांच्या प्रश्नाचं उत्तर सगळी वाहनं अनिश्चित काळ उभी करून ठेवणं, हे नाही. कायद्याने ‘सोडता येईल’ असं म्हटलं ते याचसाठी. घरकुलासाठी पहिल्यांदा पकडलेला ट्रॅक्टर आणि तिसऱ्यांदा पकडलेली, पुढे मोटारसायकल घेऊन फिरणारी हायवा यांत फरक करता यावा, म्हणून अधिकाऱ्याला मोकळीक दिली. पहिल्याला ठरलेला दंड आणि बंधपत्र घेऊन लगेच सोडा. तिसऱ्यांदा पकडलेल्याचं बंधपत्र मोडलं आहे. त्याची वसुली करा, मालकाला ऐका, कारणं लिहा आणि वाहन सरकारजमा करा. असा आदेश न्यायालयात सहसा टिकतो. पण दोन्ही वाहनं एकाच आवारात, एकाच धुळीखाली पाच महिने उभी राहिली, तर मोकळीक वापरलीच गेली नाही. आणि तसं झालं की सर्वांत आधी बुडतो तो ट्रॅक्टरवाला. हायवावाल्याकडे दुसरी हायवा असते.

या प्रकरणांतला एक घोळ बाहेरच्यांना कळत नाही. एकच वाहन दोन खात्यांच्या हातात असू शकतं. महसूलने पकडलं, दंडाची नोटीस काढली, आणि त्याच रात्री पोलिसांत चोरीचा गुन्हाही नोंदवला. मग वाहन मुद्देमाल झालं. मालक न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जातो, सुपूर्तनाम्यावर वाहन सोडण्याचा आदेश मिळवतो, तो घेऊन ठाण्यात जातो. ठाण्यात कळतं की वाहन तहसीलच्या ताब्यात आहे. तहसीलमध्ये कळतं की फौजदारी न्यायालयाच्या आदेशाने महसुली दंड माफ होत नाही. दोघांचंही म्हणणं कायद्याला धरून आहे. चूक एवढीच की पहिल्या दिवशी त्याला कोणी सांगितलं नाही की दारं दोन आहेत आणि दोन्ही ठोठावावी लागतील.

यातलं फौजदारी दार पूर्वीपेक्षा बरंच उघडं आहे. त्यामागची हकिकत सांगण्यासारखी आहे. गुजरातमधल्या काही पोलीस कर्मचाऱ्यांवरच आरोप झाला की ठाण्यातला मुद्देमाल त्यांनी बदलला, त्यातल्या रकमेचा अपहार केला. ते प्रकरण, सुंदरभाई अंबालाल देसाई, सर्वोच्च न्यायालयात आलं आणि 1 ऑक्टोबर 2002 रोजी न्यायालयाने देशभरच्या मुद्देमालाबद्दल बोलून घेतलं. जप्त वाहनं ठाण्यात दीर्घकाळ ठेवण्यात काही अर्थ नाही. पंचनामा करा, छायाचित्रं काढा, योग्य बंधपत्र आणि हमी घ्या, आणि वाहन द्या. मुद्देमाल ठाण्यात ठेवायचा झाला तरी पंधरा दिवस ते महिना, त्याहून जास्त नाही. जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 497 ने हे अधिक पक्कं केलं. न्यायालयापुढे मालमत्ता आल्यावर 14 दिवसांत तिचं वर्णनपत्रक, तिची छायाचित्रं किंवा चित्रफीत, आणि त्यानंतर 30 दिवसांत तिच्या विल्हेवाटीचा आदेश. पुरावा म्हणून छायाचित्र चालतं, तर पुराव्यासाठी वाहन गंजवत ठेवायचं कारण उरत नाही.

इतर कायद्यांत चित्र एकसारखं नाही. वन कायद्याखालच्या जप्तीत सर्वोच्च न्यायालय कडक राहिलं. 2000 सालच्या के. कृष्णन प्रकरणात त्याने बजावलं की जंगलतोडीत वापरलेली वाहनं उदार मनाने सोडू नका. सोडायचीच झाली तर निदान बँक हमी घ्या. वन्यजीव कायद्यात उलट झालं. 1991 च्या दुरुस्तीने वन अधिकाऱ्याचा वाहन सोडण्याचा अधिकार काढला गेला, तेव्हा मध्य प्रदेश सरकारने म्हटलं की आता कोणालाच सोडता येणार नाही. 2008 मध्ये मधुकर राव प्रकरणात न्यायालयाने ते फेटाळलं. अधिकाऱ्याचा अधिकार गेला, न्यायदंडाधिकाऱ्याचा गेलेला नाही. अमली पदार्थांच्या कायद्यातलं जानेवारी 2025 चं बिश्वजित डे प्रकरण मला सर्वांत बोलकं वाटतं. आसाममध्ये एका ट्रकमध्ये साबणाच्या डब्यांत 24.8 ग्रॅम हेरॉइन सापडलं. मालक आरोपी नव्हता. ट्रक कर्जावर घेतलेला, पोटाचं तेच एक साधन. खटला संपेपर्यंत सोडता येणार नाही, हा सरकारचा युक्तिवाद न्यायालयाने मानला नाही. असं म्हटलं तर एखाद्या प्रवाशाच्या पिशवीत काही सापडलं म्हणून खासगी बस किंवा जहाजसुद्धा खटला संपेपर्यंत रोखून ठेवावं लागेल, हे न्यायालयाने दाखवून दिलं. चित्रीकरण करा, अटी घाला, उद्या सरकारजमा करायची वेळ आली तर मालकाने किंमत भरावी, पण ट्रक आज रस्त्यावर जाऊ द्या.

आणि मार्च 2022 चं अब्दुल वहाब प्रकरण. मध्य प्रदेशात गोवंशाच्या वाहतुकीच्या आरोपावरून ट्रक पकडला. खटल्यात निर्दोष सुटका झाली, तरी जिल्हा दंडाधिकाऱ्यांनी ट्रक सरकारजमा केला. सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला. मालमत्ता कायद्याच्या अधिकाराखेरीज हिरावता येत नाही, हे अनुच्छेद 300-अ चं वचन आहे आणि निर्दोष सुटलेल्याचा ट्रक ठेवून घेणं त्यात बसत नाही.

आता परत आपल्या ट्रॅक्टरकडे. त्याचा मालक उच्च न्यायालयात गेला तर काय होईल?

पहिल्यांदा त्याला विचारलं जाईल की अपील का नाही केलं? जमीन महसूल संहितेच्या कलम 247 खाली वरच्या महसूल अधिकाऱ्याकडे अपील आहे. पर्यायी मार्ग असताना रिट याचिका साधारणपणे घेत नाहीत. मात्र 1998 च्या व्हर्लपूल प्रकरणात, जे मुंबईच्या ट्रेडमार्क नोंदणी कार्यालयाशी संबंधित होतं, सर्वोच्च न्यायालयाने अपवाद मांडून ठेवले आहेत. मूलभूत हक्काचा प्रश्न असेल, ऐकून न घेता आदेश दिला असेल, अधिकाऱ्याला तो अधिकारच नसेल, किंवा कायद्याच्याच वैधतेला आव्हान असेल, तर पर्यायी मार्ग आडवा येत नाही. वाळूच्या प्रकरणांत अधिकाराचा मुद्दा हमखास निघतो. वाहन पकडायला तहसीलदार चालतो, पण वाहनाचा दंड घेऊन ते सोडण्याचा निर्णय उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्याने घ्यायचा आहे. दोन्ही आदेश एकाच कागदावर तहसीलदाराच्या सहीने निघाले असतील, तर वाहनापुरता भाग तिथेच लटपटतो. अधिकाऱ्याचा हेतू कितीही चांगला असो.

आणि जिथे आदेशच नाही, तिथे अपील कशाविरुद्ध करणार? अशा वेळी न्यायालय परमादेश देऊ शकतं: याचिकाकर्त्याच्या अर्जावर अमुक दिवसांत, त्याला ऐकून, कारणांसह निर्णय घ्या. इथे न्यायालय वाहन सोडा असं म्हणत नाही, आणि पुष्कळ पक्षकारांना ते कळत नाही. वकिलाने फी घेतली आणि हातात काय आलं, तर ‘निर्णय घ्या’! पण न्यायालयीन पुनर्विलोकनाची हद्द हीच आहे. न्यायालय अधिकाऱ्याच्या खुर्चीत बसत नाही. निर्णय कोणी घेतला, कशाच्या आधारे घेतला, समोरच्याला ऐकलं का, संबंध नसलेल्या गोष्टी मनात आणल्या का, शिक्षा गुन्ह्याच्या मानाने फार तर होत नाही ना, हे ते तपासतं. निर्णय चूक वाटला म्हणून बदलत नाही, निर्णयाची वाट चुकली असेल तर परत पाठवतं.

ही हद्द मला तत्त्वतः मान्य आहे. दंड वसूल करणं, नदी सांभाळणं हे न्यायमूर्तींचं काम नाही. तरी एक तक्रार आहे. एकदा परत पाठवलं, अधिकाऱ्याने तसाच एका ओळीचा आदेश दिला, पुन्हा याचिका, पुन्हा परत, असं झालं की दोन फेऱ्यांत वर्ष जातं. कायद्याने दिलेले 48 तास उलटून महिने झाले आहेत, वाहन पहिल्यांदाच पकडलं आहे, मालक ठरलेला दंड भरायला तयार आहे, हे सगळं कागदावर दिसत असेल, तर न्यायालयाने दंड जमा करायला लावून वाहन थेट सोडावं. अधिकाऱ्यापुढे उरलेला एकच कायदेशीर पर्याय न्यायालयाने स्वतः लिहिला, तर ते खुर्चीवर अतिक्रमण ठरत नाही.

दुसरी गोष्ट विधिमंडळाने करायची आहे. वन कायद्याच्या महाराष्ट्रातल्या दुरुस्तीत, कलम 61-ड खाली, वाहन सरकारजमा करण्याच्या आदेशाविरुद्ध सत्र न्यायाधीशाकडे अपील करता येतं. वाळूच्या प्रकरणात मात्र पकडणारं खातं महसूल, दंड करणारं महसूल, अपील ऐकणारंही महसूल. वरचा अधिकारी प्रामाणिक असला तरी महसूल वसुलीचं उद्दिष्ट त्याच्याही टेबलावर असतं. लाकडाच्या ट्रकला जिल्हा न्यायालयाचं दार आणि वाळूच्या ट्रॅक्टरला नाही, या फरकाचं समर्थन करता येत नाही. जिल्ह्याच्या ठिकाणी दार असेल तर खंडपीठापर्यंत जायचा खर्च वाचतो. कोल्हापूरला 18 ऑगस्ट 2025 पासून सर्किट बेंच सुरू झालं, त्यामुळे सोलापूर, सांगली, साताऱ्याच्या माणसाचा मुंबईचा फेरा टळला. पण मंगळवेढ्याच्या ट्रॅक्टरवाल्याला कोल्हापूरही जवळ नाही.

खर्चाचा हिशेब मी त्या शेतकऱ्याबरोबर आवारातल्याच एका ट्रॉलीवर बसून मांडला. वाहनाचा दंड 1 लाख. वाळूचा बाजारभाव ब्रासला 5 हजार धरला तर पाचपटीने 25 हजार, वर स्वामित्वधन. हे कायद्याचं. आता कायद्यात नसलेलं. वित्त कंपनीचा हप्ता थांबत नाही. पेरणी दुसऱ्याच्या ट्रॅक्टरने, भाड्याने करून घ्यावी लागली. बॅटरी गेली. उभ्या-उभ्या टायरांना भेगा पडल्या. डिझेलच्या टाकीचं झाकण नाही, आत पाणी गेलं असेल. दंड भरला नाही तर तो जमीन महसुलाच्या थकबाकीसारखा वसूल होतो, सातबाऱ्यावर बोजा चढतो, आणि मग पीककर्जाच्या वेळी बँकेत तोच सातबारा दाखवावा लागतो. बोट मोडत मोडत तो बोलत होता. शेवटी म्हणाला, “दंडाचं दुःख नाही दादा. दंड एकदाच बसतो.”

ही झीज कोणी भरून देत नाही. द्यायला हवी, असं माझं मत आहे, आणि त्याला आधार आहे. कर्नाटकातल्या बसव्वा पाटील यांच्या घरातले चोरीला गेलेले दागिने पोलिसांनी शोधून काढले, ठाण्यात पेटीत ठेवले, आणि ठाण्यातूनच ते नाहीसे झाले. 1977 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की सरकारने ताब्यात घेतलेल्या वस्तूची काळजी सरकारने घ्यायची. ती घेतल्याचं दाखवता येत नसेल तर किंमत द्यायची. बसव्वांना सुमारे 10 हजार रुपये देण्याचा आदेश झाला. पेटीतून गेलेल्या दागिन्याला जो न्याय लागतो, तो आवारातून गेलेल्या बॅटरीला का लागू नये? 48 तासांची मुदत विनाकारण उलटली तर त्यानंतरची झीज सरकारच्या खाती मांडावी. तसं एक-दोन प्रकरणांत झालं तरी टेबलांवर पडलेल्या फायली हलतील.

महसूल अधिकाऱ्यांना माझी विनंती साधी आहे. तुमच्यावर वरून दबाव येतो, खालून येतो, रात्री-अपरात्री जिवावर बेतणारी कामं तुम्ही करता. याच कारणासाठी आदेश लिहा. वाहन कोणी, कुठे, किती वाजता पकडलं. हौद्यात काय होतं आणि किती. चेसिस क्रमांकावर आधीची नोंद आहे का. मालक काय म्हणाला. म्हणून सोडत आहे किंवा म्हणून सोडत नाही. दीड पान पुरतं. कारणं लिहिलेला नकार नदीलाही वाचवतो आणि तुम्हालाही. न लिहिलेला नकार फक्त वाळू तस्करांच्या वकिलांच्या उपयोगाचा आहे.

आणि ज्यांचं वाहन पकडलं गेलं आहे, त्यांच्यासाठी. पावती नसेल तर नव्हती म्हणा, खोटी पावती नंतर आणून देऊ नका. दंडाचं प्रकरण फसवणुकीचं होईल. पंचनाम्यावर सही करण्याआधी तो वाचा, नक्कल मागा. वाहनाचे चारही बाजूंनी, टायर, बॅटरी आणि मीटरसह फोटो काढून ठेवा. पोलीस गुन्हाही दाखल आहे का, ते त्याच दिवशी विचारा आणि असेल तर न्यायदंडाधिकाऱ्यांकडे वेगळा अर्ज करा. कलम 48, पोटकलम 8 चा उल्लेख करून, ठरलेला दंड आणि बंधपत्र द्यायला तयार असल्याचं लिहून, प्रांत कार्यालयात लेखी अर्ज द्या. आणि अर्जाची तारीख-शिक्क्याची पोच हातात पडल्याशिवाय त्या खिडकीवरून हलू नका.